घरच्या स्पीकरचा बॉक्स किती लिटरचा? नवशिक्यांसाठी मापाचं गणित

‘आठ इंची वूफर घेतलाय, बॉक्स केवढा करू?’ या प्रश्नाला कोल्हापुरात चार ठिकाणी चार उत्तरं मिळतात. दुकानदार दोन्ही हातांनी हवेत माप दाखवतो, मिस्त्री मागच्या गिऱ्हाइकाला केला तेवढा करू म्हणतो आणि तालमीतला डॉल्बीवाला ‘मोठाच कर, बेस बसतोय’ असं सांगून मोकळा होतो. तिघांचंही कधी कधी बरोबर येतं, पण कुणाचंच गणितातून आलेलं नसतं.

इंच हे फक्त व्यासाचं माप आहे. एक आठ इंची वूफर दहा लिटरच्या बॉक्समध्ये गोड वाजतो, दुसऱ्याला साठ लिटर दिले तरी त्याचं समाधान होत नाही. वॉटचंही तसंच. मॅग्नेटच्या मागे ‘२०० वॉट’ छापलंय, यावरून बॉक्सचा आकार एक लिटरभरही ठरत नाही. त्यामुळे प्लाय आणायच्या आधी स्पीकर हातात हवा आणि त्याचे आकडे कागदावर हवेत. बॉक्स आधी करून मग त्यात बसेल असा वूफर शोधणं म्हणजे उलटा कारभार.

तीन आकडे

नेव्हिल थील यांनी १९६१ साली आणि रिचर्ड स्मॉल यांनी १९७०च्या दशकात, दोघांनीही ऑस्ट्रेलियात काम करताना, स्पीकर आणि बॉक्सचं नातं मोजक्या आकड्यांत बसवलं. म्हणून त्या आकड्यांना थील-स्मॉल पॅरामीटर म्हणतात. यादी लांबलचक असते, पण बॉक्सच्या मापासाठी तिघांशी ओळख पुरते.

एफएस म्हणजे मोकळ्या हवेत पडदा ज्या फ्रिक्वेन्सीला सगळ्यात मोकळेपणाने हलतो ती, हर्ट्‌झमध्ये. व्हीएएस हा लिटरमध्ये असतो. पडद्याभोवतीची रबराची किंवा फोमची कड आणि मागचा जाळीदार स्पायडर यांचा मिळून जेवढा ताण असतो, तेवढाच ताण किती लिटर कोंडलेली हवा देईल, हे तो सांगतो. सस्पेन्शन सैल असेल तर व्हीएएस मोठा. क्यूटीएस हा साधा आकडा, बहुतेक वेळा ०.२ ते ०.८ च्या दरम्यान. धक्का दिल्यावर पडदा किती लवकर सावरतो ते त्यातून कळतं. मॅग्नेट जोरदार असेल तर क्यूटीएस कमी, मॅग्नेट बारकं असेल तर जास्त. क्यूटीएस दोन घटकांतून बनतो, विजेचा क्यूईएस आणि यांत्रिक क्यूएमएस. यातला क्यूईएस आपल्याला पुढे एकदा लागणार आहे.

नावाजलेल्या कंपनीचा वूफर असेल तर हे आकडे डेटाशीटवर मिळतात. खोक्यावर नसतील तर मॉडेल नंबर टाकून शोधा.

आकडे नसतील तर घरी मोजा

बाजारातल्या निम्म्याहून जास्त सुट्या वूफरना डेटाशीट नसतं असं समजूनच चाला. मोजणी अवघड नाही, फक्त घाई नको. लागतात पाच गोष्टी: मोबाइलवरचं टोन जनरेटर ॲप, छोटा ॲम्प्लिफायर, १००० ओमचा एक रेझिस्टर, १० ओमचा एक रेझिस्टर आणि मल्टिमीटर. मीटर घेताना मात्र पाहून घ्या. पिवळ्या रंगाच्या अगदी स्वस्त मीटरवर एसी व्होल्टची सगळ्यात खालची रेंज २०० व्होल्टची असते. त्याचा इथे काही उपयोग नाही. एसी मिलिव्होल्ट दाखवणारं मीटर हवं.

नवा वूफर असेल तर आधी तो दोनचार तास मध्यम आवाजात वाजवून घ्या, सस्पेन्शन जरा सैल होतं आणि आकडे खरे येतात. मग ॲम्प्लिफायरच्या आउटपुटला १००० ओमचा रेझिस्टर आणि त्याच्यापुढे, स्पीकरच्या जागी, १० ओमचा रेझिस्टर जोडा. १०० हर्ट्‌झचा टोन लावा आणि १० ओमच्या दोन टोकांवर मीटर १० मिलिव्होल्ट दाखवेपर्यंत आवाज वाढवा. आता आवाजाच्या बटणाला हात लावायचा नाही. १० ओम काढून तिथे स्पीकर जोडला की मीटरवरचा प्रत्येक मिलिव्होल्ट म्हणजे साधारण एक ओम. वरच्या टोकाला चारपाच टक्के कमी दिसतं, पण बॉक्सच्या कामाला तेवढं चालतं.

स्पीकर टेबलावर पालथा टाकू नका. हातात उभा धरा किंवा कुठेतरी टांगा, दोन्ही बाजूंनी हवा मोकळी हवी. टोन २० हर्ट्‌झपासून हळूहळू वर न्या. आकडा चढत जातो, एका ठिकाणी शिखर गाठतो आणि पुन्हा उतरतो. शिखराची फ्रिक्वेन्सी म्हणजे एफएस. तिथला आकडा म्हणजे सर्वांत जास्त इम्पीडन्स, म्हणजे एसीला होणारा एकूण अडथळा.

हाताशी राहावं म्हणून एक नमुन्याचा वूफर धरून पुढे जाऊ. समजा शिखर ४० हर्ट्‌झला मिळालं आणि तिथे ५४.४ ओम दिसले. मीटर साध्या ओमवर ठेवून व्हॉइस कॉइलचा, म्हणजे पडद्यामागच्या तारेच्या गुंडाळीचा, रेझिस्टन्स मोजला, तो ६.४ ओम. दोन्हींचा भागाकार ८.५. त्याचं वर्गमूळ २.९२. ते ६.४ ने गुणलं की १८.७ ओम. आता शिखराच्या दोन्ही बाजूंना मीटर १८.७ कुठे दाखवतं ते शोधायचं. समजा खाली २७ हर्ट्‌झ आणि वर ५९.५ हर्ट्‌झ. या दोघांचा गुणाकार करून वर्गमूळ घ्या, ते एफएसच्या जवळ यायला हवं. इथे ४०.१ येतं, म्हणजे मोजणी सरळ झाली. फार लांब आलं तर पुन्हा मोजा.

क्यूएमएस = एफएस × २.९२ ÷ (५९.५ − २७), म्हणजे ३.५९. त्याला ८.५ ने भागलं की क्यूटीएस ०.४२. आणि क्यूएमएसला ७.५ ने, म्हणजे ८.५ वजा एकने भागलं की क्यूईएस ०.४८.

राहिला व्हीएएस. त्यासाठी माप ठाऊक असलेला एक बंद बॉक्स लागतो. मित्राचा जुना बॉक्स चालेल, पत्र्याचा तेलाचा डबा नको, त्याच्या भिंतीच हलतात. समजा २० लिटरचा बॉक्स आहे. वूफर त्याच्या भोकावर घट्ट बसवा, कडेला फोमची पट्टी लावा आणि शिखर परत शोधा. कोंडलेल्या हवेमुळे ते वर सरकतं. समजा ६७ हर्ट्‌झला मिळालं. ६७ ÷ ४० चा वर्ग २.८१, त्यातून एक वजा १.८१, गुणिले २० म्हणजे ३६ लिटर. झाला व्हीएएस.

संगणकाची सवय असेल तर रूम ईक्यू विझार्ड हे मोफत सॉफ्टवेअर साउंडकार्ड आणि एका रेझिस्टरवर हेच काम आलेखासकट करून देतं. तरी पहिल्यांदा हाताने मोजावं असं माझं मत आहे. शिखर कसं चढतं-उतरतं ते मीटरवर एकदा पाहिलं की बॉक्सचं पुढचं सगळं डोक्यात नीट बसतं.

बंद बॉक्स की पाइपवाला?

एफएसला क्यूईएसने भागा. उत्तर ५० च्या खाली आलं तर बंद बॉक्स, १०० च्या वर गेलं तर पाइपवाला, म्हणजे फळीच्या भोकात पाइप बसवून हवेला वाट ठेवलेला. मध्ये असेल तर आपली मर्जी. आपल्या नमुन्यात ४० ÷ ०.४८, म्हणजे ८३. दोन्ही चालतील.

बंद बॉक्स लहान होतो, बांधायला सोपा, लिटर-दोन लिटर इकडेतिकडे झाले तरी फारसं बिघडत नाही. तबला, ढोलकी त्यात नेमकी वाजते. पाइपवाल्यात बेस खाली उतरतो, पण माप चुकलं की एकच सूर घुमत राहतो. पहिलाच बॉक्स असेल तर माझा कौल बंदला.

क्यूटीएस ०.५ च्या वर असेल तर पाइपचा नाद सोडा, बेसला फुगवटा येतो. बारक्या मॅग्नेटच्या स्वस्त वूफरमध्ये हा आकडा ०.७ च्याही पुढे सापडतो. तेव्हा खालचं सूत्र उणे उत्तर देतं किंवा कपाटाएवढा बॉक्स सांगतं. अशा वूफरला मागून उघडी फळी बरी.

बंद बॉक्सचं सूत्र

वूफर बॉक्समध्ये गेल्यावर त्याचा क्यूटीएस वाढतो. वाढलेल्या आकड्याला क्यूटीसी म्हणतात आणि तो किती हवा हे आपण ठरवायचं. ०.७०७ ला बेस सपाट उतरतो, कुठे उंचवटा नाही. ०.९ ला बेस थोडा भरल्यासारखा वाटतो, बॉक्सही लहान होतो. १ च्या वर गेलं की भसाभसा.

बॉक्सचे लिटर = व्हीएएस ÷ [(क्यूटीसी ÷ क्यूटीएस)² − १]

नमुन्यात ०.७०७ ÷ ०.४२ म्हणजे १.६८. वर्ग २.८३, वजा एक, १.८३. ३६ ÷ १.८३ म्हणजे जवळपास २० लिटर. बेस कुठपर्यंत उतरेल? एफएस गुणिले तोच १.६८, म्हणजे ६७ हर्ट्‌झ. क्यूटीसी ०.७०७ असतो तेव्हा याच ठिकाणी आवाज ३ डेसिबलने खाली आलेला असतो. क्यूटीसी ०.९ धरला तर बॉक्स १० लिटरवर येतो, पण बॉक्समधल्या शिखराची जागा ८६ हर्ट्‌झवर जाते. बॉक्स निम्मा केला तर बेसचा खालचा घास जातो, हा सौदा टळत नाही.

६७ हर्ट्‌झ वाचून नाराज होऊ नका. खोलीच्या भिंती खालच्या सुरांना हात देतात. दहा बाय बाराच्या खोलीत, कोपऱ्याजवळ ठेवला तर कागदावरच्यापेक्षा बेस भरीव लागतो. आत सुती किंवा पॉलिस्टरचा भराव सैलसर भरला तर बॉक्स दहा-पंधरा टक्के मोठा असल्यासारखा वागतो. उशीसारखा ठासून भरू नका.

पाइपवाल्याचं सूत्र

रिकाम्या बाटलीच्या तोंडावर फुंकर मारली की एक ठरावीक सूर निघतो. पाइपवाला बॉक्स त्याच तत्त्वावर चालतो: आतली हवा म्हणजे स्प्रिंग, पाइपातली हवा म्हणजे वजन. हा सूर कुठे लावायचा, त्यावर सगळं अवलंबून.

सुरुवातीला ही कामचलाऊ सूत्रं पुरतात:

बॉक्सचे लिटर = १५ × व्हीएएस × क्यूटीएस चा २.८७ वा घात
पाइपचा सूर = ०.४२ × एफएस ÷ (क्यूटीएस चा ०.९ वा घात)

घातासाठी मोबाइलचा कॅल्क्युलेटर आडवा धरा, बटण सापडतं. नमुन्याचं उत्तर ४५ लिटर आणि ३७ हर्ट्‌झ. बेस साधारण ३५ हर्ट्‌झपर्यंत उतरतो. बंदच्या ६७ शी तुलना करा, म्हणजे लोक पाइपच्या मागे का लागतात ते कळेल. अर्थात बॉक्स सव्वादोनपट झाला.

पाइपची लांबी, सेंटिमीटरमध्ये:

लांबी = २३५६२ × व्यास² ÷ (सूर² × लिटर) − ०.७३ × व्यास

व्यास आतला धरायचा, तोही सेंटिमीटरमध्ये. ऊसपट्ट्यात राहण्याचा फायदा असा की शेतीच्या पाइपच्या दुकानात हातभर तुकडा सहज मिळतो. पण तिथे ७५ चा पाइप म्हणतात ते बाहेरचं माप. आतलं पट्टीने मोजून घ्या, पाइपच्या जाडीप्रमाणे ते सत्तरच्या आसपास भरतं. ७ सेंटिमीटर धरला तर आपल्या बॉक्सला लांबी १३.६ सेंटिमीटर. १० सेंटिमीटर व्यासाचा घेतला तर लांबी ३१, बॉक्समध्ये बसवताना नाकी नऊ येतात. ५ सेंटिमीटरचा घेतला तर लांबी फक्त ६, पण आवाज वाढवला की त्यातून हवा फुसफुसते. आठ इंचीला ७ हा मधला मार्ग.

विनआयएसडी नावाचं मोफत सॉफ्टवेअर हे सगळं आलेखात दाखवतं. क्यूटीएस ०.४ पासून दूर असेल तर कामचलाऊ सूत्रांवर थांबू नका, त्यात घालून बघाच.

लिटरचे सेंटिमीटर

४५ लिटर म्हणजे निव्वळ हवा. वूफरचं मॅग्नेट, पाइप, आतल्या आडव्या पट्ट्या यांनी अडवलेली जागा वर मिळवायची. आठ इंची वूफरला साधारण १ लिटर, पाइपला ०.६, पट्ट्यांना १. एकूण ४७.६, म्हणून ४८ धरू. इंग्रजी लेखात घनफूट दिसले तर एक घनफूट म्हणजे २८.३ लिटर.

आतली लांबी, रुंदी, उंची सेंटिमीटरमध्ये गुणून १००० ने भागलं की लिटर. २६ × ३२ × ५८ चा गुणाकार ४८,२५६, म्हणजे ४८.३ लिटर. चौकोनी ठोकळा करू नका. तिन्ही बाजू सारख्या असल्या की आत एकाच फ्रिक्वेन्सीच्या लाटा उभ्या राहतात आणि आवाज डब्यातून आल्यासारखा होतो. तीन मापं तीन वेगळी ठेवा, एक दुसऱ्याच्या बरोबर दुप्पट नको. लिटर तेवढेच राहत असतील तर आकार तुमच्या खोलीच्या सोयीचा.

मिस्त्रीला काय द्यायचं

इथे सगळ्यात जास्त बॉक्स बिघडतात. तुम्ही ‘२६, ३२, ५८’ सांगता ते आतलं माप, मिस्त्री धरतो बाहेरचं. १८ मिलिमीटरची प्लाय प्रत्येक दिशेला ३.६ सेंटिमीटर खाते. आत उरतात २२.४ × २८.४ × ५४.४, म्हणजे ३४.६ लिटर. ४८ चे ३४ झाले आणि पाइप तोच ठेवला तर सूर ३७ वरून ४४ हर्ट्‌झच्या आसपास जातो. बॉक्स दिसायला देखणा, पण त्याचं काम बदललं.

म्हणून मापं सांगू नका, तुकड्यांची यादी द्या. आपल्या बॉक्ससाठी: पुढची-मागची फळी २९.६ × ६१.६, दोन नग. बाजू ३२ × ६१.६, दोन नग. वरची-खालची २६ × ३२, दोन नग. वरची-खालची फळी दोन बाजूंच्या मध्ये येते आणि पुढची-मागची फळी त्यावर बसते. अशा जोडणीत आतली रुंदी आणि खोली तुकड्यांवरूनच ठरते. प्लाय छापल्यापेक्षा मिलिमीटरभर पातळ निघाली तरी फक्त उंचीत दोन मिलिमीटर फरक पडतो. मिस्त्री इंच-सुतात बोलत असेल तर २.५४ ने भागा. एका इंचाचे आठ सूत. ६१.६ म्हणजे २४ इंच २ सूत. जोडी करायची असेल तर आठ बाय चारच्या एका शीटमधून दोन्ही बॉक्स निघतात. टिंबर मार्केटमधून शीट घेताना तिथेच मशीनवर कापून मिळत असेल तर ते पैसे वाचवू नका, काटकोन हाताच्या करवतीपेक्षा चांगला येतो.

एमडीएफ, म्हणजे लाकडाचा भुसा दाबून केलेली फळी, आवाजाला उत्तम, पण कोल्हापूरच्या जून ते सप्टेंबरच्या ओलीत त्याची कापलेली कड पाण्यात घातलेल्या पावासारखी फुगते. एमडीएफच घेणार असाल तर प्रत्येक कड आतून-बाहेरून सीलरने बंद करा. नाहीतर चांगली प्लाय घ्या. आयएस ७१० छापाची मरीन असली तर उत्तमच, पण घरातल्या बॉक्सला तेवढी चैन सक्तीची नाही. वूफरचं गोल भोक खोक्यावरच्या इंचांवरून कापू नका, वूफर हातात घेऊन कापा. आठ इंची म्हणणाऱ्या वूफरचं भोक साडेअठरा सेंटिमीटरच्या आसपास असतं, पण कंपनीगणिक बदलतं. पाइपचं आतलं तोंड मागच्या फळीपासून निदान पाइपच्या व्यासाएवढं लांब राहील हेही बघा.

बॉक्स झाल्यावर

सांधे फेविकॉल आणि स्क्रूने पक्के करा, आतून कोपऱ्यात सिलिकॉन फिरवा. टर्मिनलची खाच विसरू नका, हवा तिथूनच जास्त पळते. बंद बॉक्समध्ये पडदा बोटांनी हलकेच आत दाबून सोडा. तो सावकाश परतला तर बॉक्स हवाबंद, लगेच उसळला तर गळती शोधा. उदबत्ती सांध्याजवळून फिरवत खालचा टोन वाजवला की धूर कुठे थरथरतो ते दिसतं.

पाइपवाल्याची परीक्षा वेगळी. पाइप सूत्रापेक्षा दोन-तीन सेंटिमीटर लांब कापून आधी नुसता बसवा, चिकटवू नका. आवाज अगदी कमी ठेवून टोन ६० हर्ट्‌झवरून खाली आणा आणि पडद्याकडे बघा. एका जागी पडदा जवळजवळ थांबतो आणि पाइपच्या तोंडाशी हाताला हवा लागते. तो तुमचा सूर. पाइप लांब असल्याने तो आधी ३७ च्या खाली मिळेल. अर्धा-अर्धा सेंटिमीटर कापत वर आणा. मोजणीची जोडणी अजून टेबलावर असेल तर मीटरवर आता दोन शिखरं दिसतील, त्यांच्यामधली खोल जागा म्हणजेच सूर. डोळ्यांपेक्षा ही खूण खात्रीची.

सुराच्या खालच्या फ्रिक्वेन्सीला पाइपवाल्यातल्या पडद्याला मागून हवेचा आधार राहत नाही, तो सैरभैर हलतो. ॲम्प्लिफायरमध्ये सबसॉनिक फिल्टर, म्हणजे फार खालचे सूर अडवणारी सोय, असेल तर ३० हर्ट्‌झच्या आसपास लावून ठेवा. नसेल तर जोरात वाजवताना बेसचं बटण पूर्ण पिळू नका. तसंही २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागाला दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा आहे, आणि रात्री १० ते सकाळी ६ हा रात्रीचा काळ. टोनच्या चाचण्या दुपारीच उरका, सलग ४० हर्ट्‌झ ऐकून शेजारी भिंत वाजवतात.

सूर जुळला की पाइप काढा, लांबी बॉक्सच्या आतल्या बाजूला पेनने लिहून ठेवा आणि मग सिलिकॉनने कायमचा बसवा. एक दिवस वाळू द्या. कच्च्या सिलिकॉनच्या वाफेने वूफरची फोमची कड खराब होऊ शकते, म्हणून वूफर त्यानंतरच स्क्रूने आवळा.